मनाली–लेह : दोन दिवसांचा प्रवास विकला, एका दमात पळवला

मनालीहून लेहला रस्त्याने जायचा बेत असेल आणि कुणी तुम्हाला ‘गाइडसह निसर्गदर्शन बस’ म्हणून सीट देत असेल, तर पैसे पाठवण्याआधी हे वाचा. आमचे पैसे गेले ते गेलेच. पण त्याहून मोठी गोष्ट त्या लोकांनी काढून घेतली, ती म्हणजे वाटेतला रात्रीचा मुक्काम. त्यापायी माझ्या वहिनीच्या जिवावर बेतलं. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

मी, दादा आणि वहिनी असे तिघे होतो. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेलं पत्रक अगदी नीटनेटकं होतं. पहिल्या दिवशी सकाळी सातला मनालीहून निघायचं, अटल बोगदा, सिस्सूचा धबधबा, तांदीला चंद्रा आणि भागा नद्यांचा संगम बघायचा, आणि जिस्पाला तंबूत मुक्काम. दुसऱ्या दिवशी दीपक ताल, सूरज ताल, बारालाचा ला (‘ला’ म्हणजे खिंड), गाटा लूप्सची एकवीस वळणं, मोरेचं मैदान, तांगलांग ला आणि संध्याकाळी लेह. पुशबॅक सीटची सत्तावीस आसनी बस, माहिती सांगणारा गाइड, गाडीत ऑक्सिजन. डोई साडेआठ हजार रुपये, आणि वर ‘रोहतांग परमिट’चे माणशी नऊशे वेगळे. पैसे यूपीआयने घेतले, तेही कंपनीच्या नावाने नव्हे तर एका व्यक्तीच्या खात्यावर. पावती म्हणून एक रंगीत पीडीएफ आलं, त्यावर ना जीएसटी क्रमांक, ना पर्यटन खात्याचा नोंदणी क्रमांक.

आता जिस्पाचा मुक्काम इतका महत्त्वाचा का, ते आधी सांगते, कारण विकणारा हे कधीच सांगत नाही. मनाली साधारण दोन हजार मीटरवर आहे, जिस्पा ३,२०० मीटरच्या आसपास. तिथून पुढे रस्ता बारालाचा लाला ४,८५० मीटरच्या वर जातो, सरचूला ४,२९० मीटरपर्यंत उतरतो, लाचुलुंग लाला पुन्हा पाच हजार मीटर ओलांडतो, पांगला ४,६०० मीटरवर येतो आणि तांगलांग लाला ५,३२८ मीटर गाठतो. त्या उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्यापेक्षा थोडाच जास्त असतो. तीन हजार मीटरच्या वर गेल्यावर झोपण्याची जागा एका रात्रीत पाचशे मीटरपेक्षा जास्त वर नेऊ नये, असं डॉक्टर सांगतात. जिस्पा किंवा त्याच्या अलीकडच्या केलाँगची रात्र शरीराला ही उसंत देते. ती रात्र गाळली, की शरीर तयार व्हायच्या आत माणूस थेट पाच हजारांवर पोहोचतो.

निघायच्या आदल्या संध्याकाळी फोन आला. “मॅडम, ऊपर बर्फ गिरनेवाली है, रात को दो बजे निकलना पड़ेगा.” दादाने विचारलं, मग जिस्पाच्या मुक्कामाचं काय? “जिस्पा में रुकेंगे सर, टेन्शन मत लीजिए.” रात्री दोनला आमच्यापुढे येऊन उभी राहिली ती बारा आसनी टेम्पो ट्रॅव्हलर, आणि तिच्यात आधीच दहा जण बसलेले. सगळे वेगवेगळ्या लोकांकडून वेगवेगळ्या दरांनी सीट घेतलेले. सामान पायात घेऊन आम्ही कसेबसे बसलो. त्या वेळी परत जावं तर हॉटेल सोडलेलं, पुढच्या बुकिंगचे पैसे भरलेले. हे लोक गाडी रात्री दोनला आणतात, कारण त्या वेळी प्रवाशाला दुसरा पर्यायच उरलेला नसतो.

गाडी अटल बोगद्यातून गेली. २०२० साली सुरू झालेला हा ९.०२ किलोमीटरचा बोगदा रोहतांग खिंड टाळूनच पलीकडे जातो. रोहतांगचं परमिट खिंडीवरून जाणाऱ्या गाड्यांना लागतं. ते माणशी नसतं, गाडीमागे असतं, आणि कुल्लू जिल्हा प्रशासनाच्या संकेतस्थळावर मिळतं. बोगद्यातून जाणाऱ्याला त्याची गरजच नाही. म्हणजे माणशी नऊशे रुपये कशासाठीही नव्हते. मनाली–लेह हमरस्त्यावर भारतीय नागरिकाला इनर लाइन परमिटही (सीमाभागात जायची परवानगी) लागत नाही, तेव्हा त्या नावाखाली कुणी पैसे मागितले तरी तीच लबाडी समजा.

सिस्सू अंधारात गेलं. तांदीचा संगम अंधारात गेला. ‘गाइड’ म्हणून पुढच्या सीटवर एक मुलगा होता. बोगद्याची लांबी सांगून तो झोपला आणि केलाँग आल्यावर पाठीवर पिशवी टाकून उतरून गेला. त्याला केलाँगलाच जायचं होतं. जिस्पाला उजाडता उजाडता गाडी चहापुरती थांबली, आणि तोच आमचा मुक्काम ठरला. पत्रकात ज्या तंबूंचं नाव होतं, त्यांना मी नंतर लेहहून फोन केला. आमच्या नावाने तिथे कधी बुकिंगच झालं नव्हतं.

अंधारात निघण्यामागे एक खरं कारणही आहे, तेही सांगायला हवं. झिंगझिंगबारच्या आसपास आणि पुढे बर्फ वितळून वाहणारे नाले रस्त्यावरून जातात. दुपारी ऊन चढलं की त्यांचं पाणी वाढतं, म्हणून चालक ते सकाळीच ओलांडायला बघतात. पण जिस्पाला रात्र काढून पहाटे निघालं तरी ते नाले सकाळीच पार होतात. दोन दिवसांच्या प्रवासाची आखणी त्यासाठीच तशी केलेली असते. बर्फाचं कारण पुढे करून ती मोडण्यात वाचतो तो फक्त त्यांचा मुक्कामाचा खर्च आणि गाडीचा एक दिवस.

सूरज तालपाशी आम्ही थांबायला सांगितलं. बारालाचाच्या अगदी खाली, रस्त्याला लागून असलेलं हे तळं म्हणजे भागा नदीचा उगम. चालक म्हणाला, “साहब, रात से पहले लेह पहुँचना है.” काचेतून निळसर पाण्याची एक पट्टी दिसली आणि मागे गेली.

सरचूला वहिनीचं डोकं ठणकायला लागलं. गाटा लूप्सवर तिला उलट्या सुरू झाल्या. ऑक्सिजन मागितला तर चालकाने सीटखालून हातात मावेल एवढा डबा काढला. असे डबे मनालीत दुकानांतून मिळतात, पण त्यांच्यावर विसंबू नका. दहा-बारा लिटरचा डबा मिनिटाला दोन लिटर या वेगाने पाच-सहा मिनिटांत रिकामा होतो. आमचा त्याआधीच संपला, बहुधा आधीच वापरलेला होता. पांगला उतरवलं तेव्हा वहिनीला सरळ चालता येत नव्हतं, दादाचा हात धरूनही तिचा तोल जात होता. उंचीवर डोकेदुखी बऱ्याच जणांना होते, पण तोल जाणं किंवा बोलणं असंबद्ध होणं हे मेंदूला सूज येत असल्याचं लक्षण असू शकतं. तेव्हा क्षणभरही थांबायचं नसतं, खाली उतरायचं असतं.

आणि इथेच हा रस्ता माणसाला कोंडीत पकडतो. पांगहून खाली कुठे उतरणार? मागे लाचुलुंग ला, पुढे तांगलांग ला. दोन्हीकडे आधी आणखी वर चढावं लागतं. फोनला रेंज नाही. लडाखमध्ये बाहेरची प्रीपेड सिमं चालतच नाहीत, आणि त्या पट्ट्यात आमची पोस्टपेडही मुकी होती. सीट विकणाऱ्याला कळवायचं म्हटलं तरी मार्ग नव्हता. पांगला लष्कराचा तळ आहे. तिथल्या वैद्यकीय कक्षात जवानांनी तिला ताबडतोब आत घेतलं, इंजेक्शन दिलं, बराच वेळ ऑक्सिजन लावला. तिथल्या डॉक्टरांनी आमच्या चालकाला बजावून सांगितलं, की तांगलांग लावर फोटोसाठीसुद्धा थांबायचं नाही, थेट लेह. त्यांचे आभार कसे मानावेत हे आम्हाला आजही कळत नाही. लेहच्या सरकारी रुग्णालयात वहिनीला दाखल केलं. ती सुखरूप आहे.

चालकावर माझा राग नाही. रुग्णालयाबाहेर तो दादाशी मोकळेपणी बोलला. त्याला सीटमागे तीन हजारच मिळतात, उरलेले पैसे मधल्या माणसांत वाटले जातात. मुक्काम, गाइड, सूरज ताल यांतलं काहीही त्याला कुणी सांगितलेलंच नव्हतं. आदल्याच दिवशी तो लेहहून मनालीला उतरला होता आणि एकट्याने पुन्हा निघाला होता. कायद्यानुसार चालकाने दिवसाला आठ तास काम करायचं. तो त्याच्या जवळपास दुप्पट वेळ चाकामागे होता, आणि मोरेच्या सरळसोट मैदानावर त्याचे डोळे मिटताना मी आरशात पाहिले. विकणारा एक, गाडीचा मालक दुसरा, चालवणारा तिसरा. काही झालं तर प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो.

म्हणून पैसे देण्याआधी मुक्कामाच्या जागेचं नाव घ्या आणि तिथे स्वतः फोन करून तुमच्या नावाने खोली आहे का ते विचारा. माझ्या मते बाकी सगळ्या चौकशांपेक्षा ही एक चौकशी मोलाची आहे. मुक्काम खरा असेल तर बाकीचंही बहुतेक खरं निघतं. गाडीचा नंबर आदल्या दिवशी मागा आणि सरकारी एमपरिवहन अ‍ॅपवर टाकून बघा. गाडीचा प्रकार, फिटनेस, विमा सगळं तिथे दिसतं. नंबरप्लेट पिवळी हवी, पांढऱ्या प्लेटची खासगी गाडी भाड्याने चालवणं बेकायदा आहे. हिमाचलमध्ये ट्रॅव्हल एजंटला राज्याच्या पर्यटन खात्याकडे नोंदणी करावी लागते, तो क्रमांक विचारा. ‘व्होल्वो लेहपर्यंत’ असं कुणी म्हणालं तर तिथेच बोलणं थांबवा, व्होल्वो मनालीपर्यंतच. आणि साधी पण भरवशाची सोय हवी असेल तर हिमाचलची सरकारी परिवहन बस आहे, पण ती केलाँगला रात्री मुक्काम करते का ते आधी विचारून घ्या. तिची सीट टणक आहे, गाइड नाही, पण केलाँगला मुक्काम असेल तर वाटेतली रात्र मिळते. जाण्याआधी डॉक्टरांना विचारून डायमॉक्स हे उंचीच्या त्रासावरचं औषध घ्यायचं की नाही तेही ठरवा.

आम्ही लेहला पोहोचलो त्या रात्रीच विकणाऱ्याने आमच्याशी झालेल्या संभाषणातले आपले अलीकडचे मेसेज पुसून टाकले. वहिनीने पत्रक, पैसे भरल्याची नोंद आणि आधीच्या सगळ्या संभाषणाचे स्क्रीनशॉट स्वतःच्या ईमेलवर पाठवून ठेवले होते, ते कामाला आले. तुम्हीही ते पैसे देण्याच्या दिवशीच करा. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवल्यावर परमिटचे पैसे परत आले, सोबत “गलती से कट गया था” असा एक निरोप. मुक्कामाचे, गाइडचे आणि रुग्णालयाचे पैसे द्यायला तो तयार नाही.

त्यासाठी आम्ही जिल्हा ग्राहक आयोगात दावा लावला आहे. पुष्कळ जण ‘आता कोण मनालीला खेटे घालणार’ म्हणून सोडून देतात, आणि असल्या लोकांचं फावतं ते त्यामुळेच. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार तुम्ही राहता त्याच जिल्ह्यात तक्रार करता येते. दोन वर्षांची मुदत असते, ऑनलाइन दाखल करता येते, आणि पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क लागत नाही. आमच्या गाडीतल्या आणखी दोन कुटुंबांनीही आपापल्या जिल्ह्यांत तक्रारी दाखल केल्या आहेत. वकील न लावता अर्ज कसा लिहिला, कोणती कागदपत्रं जोडली, हे कुणाला हवं असेल तर विचारा, मी आमच्या अर्जाची प्रत देईन.