टॉवरच्या चार खड्ड्यांचे पैसे दिले, तारांखालची जमीन गिळली

सांगोला तालुक्यात आमची डाळिंबाची बाग आहे. 2021 च्या फेब्रुवारीत तिथून 220 केव्ही वीजवाहिनी गेली आणि एक टॉवर आमच्या गटात आला. त्यात आम्ही कसे फसलो ते लिहितोय, कारण आता शेजारच्या गावांतही मोजणीची माणसं फिरू लागली आहेत.

ठेकेदाराचा माणूस आला तेव्हा मी पंढरपूरला होतो. घरी वडील एकटे. "आबा, सरकारी काम आहे, अडवलं तर गुन्हा दाखल होतो," असं म्हणत त्याने फक्कीने चार चौकोन आखले, टेप लावला आणि सांगितलं, "दोन बाय दोनचे चार खड्डे, सोळा मीटर जागा जाणार, बाकी रान तुमचंच." पीक नुकसानीचा 38 हजारांचा चेक दिला आणि स्टँप पेपरवर सही घेतली. कागदावर वरच्या बाजूला चारच ओळी होत्या, खाली सगळा कागद कोरा. सही अगदी तळाला घेतली. आबांना ते खटकलं होतं, पण चहा पिऊन बसलेल्या माणसाला कसं विचारायचं म्हणून गप्प राहिले.

माहिती अधिकारात नक्कल मिळाली तेव्हा त्या कोऱ्या जागेत मजकूर होता: "मनोरा, तारमार्ग व झाडे यांचा संपूर्ण व अंतिम मोबदला मिळाला, यापुढे तक्रार नाही." आमची 31 झाडं तोडली होती, पंचनाम्यात 14 निघाली.

आता खड्ड्यांचा हिशेब बघा. केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाच्या 15 ऑक्टोबर 2015 च्या मार्गदर्शक तत्त्वांत टॉवरची जागा म्हणजे चार पायांच्या मधली सगळी जागा, आणि तिला जमिनीच्या किमतीच्या 85 टक्के. आमच्या टॉवरचे पाय साडेआठ मीटरवर आहेत, म्हणजे 72 चौरस मीटर. त्याने सांगितले 16.

पण खरं नुकसान तारांखाली आहे, आणि त्याबद्दल त्याने तोंडच उघडलं नाही. 220 केव्हीला 35 मीटर रुंदीचा पट्टा धरतात. आमच्या रानातून तार 120 मीटर जाते. गुणाकार केला तर एक्केचाळीस गुंठ्यांच्या वर, म्हणजे एकरभर! सातबारा आमचाच राहतो, पण त्या पट्ट्यात घर बांधता येत नाही, उंच झाड लावता येत नाही. त्यासाठी 2015 च्या तत्त्वांत 15 टक्क्यांपर्यंत मोबदला होता. 14 जून 2024 च्या नव्या तत्त्वांत टॉवरच्या जागेला 200 टक्के आणि पट्ट्याला 30 टक्के आहेत. राज्याचे शासन निर्णय वेगळे असतात, तुमच्या वेळी कुठला लागू आहे तो तहसील कार्यालयातून लेखी मागा.

गुन्ह्याची धमकीही अर्धीच खरी होती. वीज कायदा 2003 च्या कलम 164 खाली आदेश असेल तर वाहिनीवाल्यांना 1885 च्या तार (टेलिग्राफ) कायद्याचे अधिकार मिळतात. त्या कायद्याच्या कलम 10 प्रमाणे त्यांना फक्त वापराचा हक्क मिळतो, मालकी नाही, आणि झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई द्यावी लागते. तुम्ही अडवलं तर त्यांनी जिल्हाधिकाऱ्यांकडे जायचं. तिथला आदेश झाल्यावरही अडवलं तर गुन्हा. आमच्या बाबतीत असा आदेशच नव्हता. आबांनी नुसतं "मुलगा येऊ द्या" म्हटलं असतं तरी कुणी काही करू शकत नव्हतं.

म्हणून कलम 164 चा आदेश दाखवायला सांगा. सहीच्या वर कोरी जागा असेल तर आडवी रेघ मारून मगच सही करा, आणि त्या कागदाचा फोटो तिथल्या तिथे काढा. पंचनाम्याला तलाठी आणि कृषी सहायक हजर नसतील तर झाडाला हात लावू देऊ नका.

भरपाईचा वाद त्याच टेलिग्राफ कायद्याच्या कलम 16 प्रमाणे जिल्हा न्यायाधीशांपुढे जातो. आम्ही तिथे अर्ज केला आहे. वकिलांनी पहिल्याच भेटीत बाग उभी असतानाचा फोटो मागितला. एवढ्या वर्षांत बागेचा म्हणून फोटो आम्ही कधी काढलाच नव्हता. शेवटी चुलत बहिणीच्या साखरपुड्याच्या अल्बममध्ये एक सापडला. पाहुणे बांधावर उभे आहेत आणि मागे बाग दिसते. आबांनी भिंग घेऊन मोजली, त्यात 22 झाडं स्पष्ट दिसतात. तोच फोटो अर्जाला जोडला आहे.