बचावपटूची हर्ली: सात महिन्यांच्या वापरानंतर

माझ्या भाच्याने आयर्लंडहून आणलेली ॲश लाकडाची हर्ली, म्हणजे हर्लिंग या आयरिश मैदानी खेळात चेंडू टोलवायची काठी, आम्ही दारव्हा तालुक्यातील आमच्या गावात, कापूस निघालेल्या वावरात, सात महिने वापरली. हर्लिंगमध्ये प्रत्येक बाजूला १५ खेळाडू असतात आणि बचावफळीतील तरुणाला अंगावर धावून येणारा चेंडू अडवून, क्षणार्धात उचलून, तो थेट समोरच्या अर्ध्यात टोलवावा लागतो. आयर्लंडमधील लिमरिक परगण्याचा डिअरमिड बर्न्स याच फळीत खेळून २०२२ चा सर्वोत्कृष्ट हर्लर ठरला, यावरून या जागेचे मोल कळावे.

या कामासाठी ही हर्ली उत्तम आहे. विटीदांडूचा दांडू गोल असतो, हिचे टोक मात्र रुंद आणि चपटे आहे. त्यामुळे ११० ते ११६ ग्रॅमचा, बुचाच्या गाभ्यावर चामडे शिवलेला स्लियटर (हर्लिंगचा चेंडू) त्यावर नीट बसतो आणि फटक्याचा हादरा मनगटापर्यंत फारसा पोहोचत नाही. लाकडाचे रेषे टोकाकडे वळत जातात, कारण ते झाडाच्या बुंध्याच्या मुळाकडील भागातून कापतात. हे कसब मला फार भावले.

उणीव एकच, पण मोठी. मे महिन्याच्या उन्हात टोकाशी बारीक चीर पडली. जवसाचे तेल चोळून ती सावलीत ठेवल्यावर चीर वाढली नाही. आयर्लंडमध्ये २०१२ पासून ॲशच्या झाडांना बुरशीचा रोग लागला आहे, त्यामुळे दुर्मिळ होत चाललेले असे लाकूड जपूनच वापरावे. लहान मुलांच्या हाती हर्ली देताना शिरस्त्राण मात्र अवश्य घालावे.