सुपरबॅड की बुकस्मार्ट? एका रात्रीचे दोन सिनेमे, आणि तुम्ही आधी कोणता बघावा

शाळा संपत आलीय, आज रात्री एक पार्टी आहे, तिथे पोचायचंच आहे आणि वाटेत एकेक गोष्ट बिनसत चाललीय. या मामल्यावर अमेरिकेत ढिगाने सिनेमे निघालेत. त्यातले वेळ काढून बघावेत असे माझ्या मते दोनच: २००७चा ग्रेग मोटोला दिग्दर्शित 'सुपरबॅड' आणि २०१९चा 'बुकस्मार्ट'. दोन्ही दोन तासांच्या आत संपतात. वीकेंडला एकच जमणार असेल तर निवड करताना हे वाचा.

'सुपरबॅड'मध्ये सेथ आणि इव्हान हे जिवलग मित्र. सेथला आवडणाऱ्या ज्यूल्सच्या घरी पार्टी आहे आणि दारू आणायचं काम सेथने बढाई मारत स्वतःच्या अंगावर घेतलंय. आता अमेरिकेत अठराव्या वर्षी मत देता येतं, पण दारू विकत घ्यायला २१ पूर्ण लागतात. जी राज्यं हे वय पाळणार नाहीत त्यांचा महामार्गांचा निधी कापायचा, अशी तरतूद १९८४च्या केंद्रीय कायद्यात आहे, त्यामुळे सगळीकडे हाच नियम. म्हणजे त्या पोरांसाठी बाटल्या मिळवणं हीच मोहीम, आणि सिनेमाही तोच.

मग तिसरा मित्र फोगेल खोटं लायसन्स काढून आणतो. हवाई राज्याचं लायसन्स, वय २५, अवयवदाता अशी नोंद, आणि नावाच्या जागी नुसतं 'मॅक्लोविन'. पुढे-मागे काहीच नाही. मित्र त्याला फाडून खातात, तर हा गडी ठामपणे समजावतो की रोज शेकडो पोरं एकवीसचंच लायसन्स दाखवतात, म्हणून आपण पंचवीस लावलं. ते तर्कशास्त्र ऐकताना हसून पोट दुखतं, आणि त्या वयातल्या मुलांचं डोकं असंच चालतं हेही पटतं. फोगेल झालेल्या क्रिस्टोफर मिंट्झ-प्लासचा हा पहिलाच सिनेमा; चित्रीकरणाच्या वेळी तो जेमतेम १७ वर्षांचा होता. लेखक सेथ रोगन आणि इव्हान गोल्डबर्ग यांनी व्हॅंकूव्हरला शाळेत असतानाच ही पटकथा लिहायला घेतली होती. नायकांची नावं बघा, म्हणजे कुणाची गोष्ट आहे ते कळेल. संवादांत जो खरेपणा आहे तो तिथून आलाय.

यातली भाषा मात्र भयंकर शिवराळ आहे. मुलींबद्दल ही पोरं जे बोलतात त्यातलं बरंचसं आज कानाला बोचतं. तरीही मोक्याच्या क्षणी सिनेमा योग्य बाजूला उभा राहतो: इव्हानला आवडणारी बेका दारूच्या नशेत जवळ येते, तेव्हा इव्हान मागे सरतो. २००७ सालच्या सिनेमात हा प्रसंग कुठलंही भाषण न देता आला याचं मला फार कौतुक वाटतं.

'बुकस्मार्ट'मध्ये दोन मुली आहेत, मॉली आणि एमी. चार वर्षं पार्ट्या टाळून नुसता अभ्यास केलेला. मॉलीला येल या नामांकित विद्यापीठात प्रवेश मिळालाय. मग शेवटच्या दिवशी शाळेच्या बाथरूममध्ये तिला कळतं की जन्मभर टवाळक्या करणाऱ्यांपैकी एक जण येललाच चाललीय, एक स्टॅनफर्डला, आणि एकाला थेट गुगलमध्ये नोकरी. मॉली झालेल्या बीनी फेल्डस्टीनचा चेहरा तिथे कसा उतरत जातो ते बघाच. बारावीला घासून अभ्यास केला आणि निकालानंतर मागच्या बाकावरचाही त्याच कॉलेजात दिसला, हे ज्यांनी भोगलंय त्यांना हा प्रसंग परका वाटणार नाही.

इथे दारू मिळवायची नसून वर्गातल्या निकच्या पार्टीचा पत्ता शोधायचाय. तो शोधताना चुकीच्या पार्ट्यांमध्ये जाऊन पडणं हा मधला भाग थोडा रेंगाळतो, आणि बाहुल्यांचा ॲनिमेशनचा प्रसंग मला ओढूनताणून आणलेला वाटला. पण पार्टीतलं भांडण! भोवतीची पोरं मोबाइल उगारून चित्रण करतायत, मधोमध दोघी मैत्रिणी एकमेकींना लागेल असंच बोलतायत, आणि बोलता बोलता आवाजच मागे पडत जातो. शब्द ऐकू येत नाहीत, तरी सगळं कळतं. दिग्दर्शक म्हणून ऑलिव्हिया वाइल्डचा हा पहिलाच पूर्ण लांबीचा सिनेमा आहे यावर विश्वास बसत नाही. एमीला मुली आवडतात, आणि सिनेमा त्याचा बाऊ करत नाही, हीसुद्धा जमेची बाजू. (बीनी ही 'सुपरबॅड'मधल्या सेथची, म्हणजे जोना हिलची, सख्खी बहीण.)

याच माळेतला 'प्रोजेक्ट एक्स' (२०१२) कुणी सुचवला तर सोडून द्या. घराची राखरांगोळी होते, पण त्या पोरांशी आपलं काही नातं जुळत नाही. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये नेदरलँड्सच्या हारेन गावात एका मुलीच्या सोळाव्या वाढदिवसाचं आमंत्रण फेसबुकवर चुकून सगळ्यांना खुलं राहिलं, हजारो लोक गोळा झाले आणि दंगल उसळली. त्या प्रकाराला याच सिनेमाचं नाव चिकटलं.

आता निवडीचं. दोन्ही सिनेमांत पार्टी हे निमित्त आहे. तिथली पद्धत अशी की शाळा सुटली की उन्हाळा संपेपर्यंत जो तो वेगळ्या शहरातल्या कॉलेजात निघून जातो. इव्हानला डार्टमथ कॉलेज मिळालंय, सेथला नाही. एमी बोट्स्वानाला चाललीय, मॉली येलला. ताटातुटीची ही भीती 'बुकस्मार्ट'मधल्या मुली तोंडावर बोलून मोकळ्या होतात. 'सुपरबॅड'मधली पोरं रात्रभर शिव्यांआड ती लपवतात आणि शेवटी, जमिनीवर शेजारी शेजारी पडल्यावर, ती बाहेर येते. मला तेच जास्त लागलं. शिवाय हसू 'सुपरबॅड'मध्ये दुपटीने येतं. त्यामुळे जुन्या मित्रांसोबत बसणार असाल, तर तोच लावा, सबटायटल्स चालू ठेवून, कारण संवाद फार भरभर जातात. शिवराळपणा सोसत नसेल, किंवा कॉलेजात जाणाऱ्या बहिणीसोबत बघायचं असेल, तर 'बुकस्मार्ट'. तोही सोवळा नाही, पण त्यातल्या मुलींवर कुणी लाळ गाळत नाही. आईबाबा हॉलमध्ये बसलेले असताना मात्र दोन्हीपैकी एकही नको.