पाय मुरगळला: बर्फ की शेक?
अजिंक्यताऱ्यावरून उतरताना शेजारच्या काकूंचा पाय मुरगळला. बर्फ लावू की शेकू, असं त्या विचारत होत्या. खर्च दोन्हींना जवळपास नाहीच. फरक पडतो तो रक्तवाहिन्यांवर. गारव्याने त्या आकसतात, आत पाझरणारं रक्त कमी होतं, सूज आटोक्यात राहते, ठणकाही कमी होतो. उष्णतेने त्या रुंदावतात, रक्तपुरवठा वाढतो, आखडलेला स्नायू सैल पडतो. पण दुखापत ताजी असेल तर सूजही वाढते.

बर्फाला जरा जपावं लागतं: फडक्यात गुंडाळून १५-२० मिनिटं, थेट कातडीवर कधीच नाही.

मुरगळलेल्या पायाला पहिले ४८ तास बर्फच. भांगलणीने धरलेल्या कमरेला मात्र शेक. मधुमेहाने पाय बधिर असतील तर बर्फ असो की शेक, डॉक्टरांना विचारूनच. चटका बसलेला कळतच नाही. पाऊल टेकवतच नसेल, तर आधी एक्स-रे काढा.