भरीत 10 पैकी 9, पडदा 10 पैकी 5

जळगाव-भुसावळ हायवेवरच्या या भरीत सेंटरने 2022 च्या फुटबॉल वर्ल्ड कपसाठी प्रोजेक्टर लावला होता. मंगळवारी, 22 नोव्हेंबरला, अर्जेंटिना-सौदी अरेबिया सामना बघायला गेलो होतो.

आधी भरीत. वांगी जळगाव जिल्ह्यातल्या बामणोद गावची, कपाशीच्या काड्यांवर भाजलेली. मिक्सरचं नाव नाही. लाकडी बडगीत मुसळाने ठेचतात, भाजलेली हिरवी मिरची आणि लसूण त्यातच. वरून कांद्याची पात, शेंगदाणे. कळण्याची (ज्वारी-उडदाची) भाकरी तव्यावरून थेट ताटात. तिखट सोसत नसेल तर आधीच सांगा. शेवभाजी मात्र मागवू नका, वर तर्री नि खाली पाणी.

पडदा टांगला होता पश्चिमेच्या दारासमोर, आणि सामना दुपारी साडेतीनचा! मेस्सीची दहाव्या मिनिटाची पेनल्टी आम्ही कॉमेंट्रीवरूनच ओळखली. मग अर्जेंटिनाने हाफटाइमपर्यंत आणखी तीनदा चेंडू जाळ्यात मारला, तिन्ही वेळा ऑफसाइड, म्हणजे पास निघताना खेळाडू सौदीच्या बचावफळीच्या पुढे, म्हणून गोल रद्द. कोच रेनार्डने सौदीची बचावफळी पार मध्यरेषेजवळ आणून उभी केली होती. मी शाळेत खेळ शिकवतो, मला बचावाची तीच रेषा बघायची होती, आणि पडद्यावर नुसतं ऊन. हाफटाइमला मालकाकडे कुरकुर केली. त्याने पोराला हाक मारून केळीच्या ट्रकची ताडपत्री दारावर बांधून घेतली. म्हणाला, "सर, आते दखा."

दिसलं की! 48 व्या मिनिटाला सौदीच्या अल-शेहरीचा गोल. 53 व्याला अल-दवसारीने बॉक्सच्या डाव्या बाजूला बचावपटूंना गुंगवून उजव्या पायाने लांबच्या वरच्या कोपऱ्यात जो फटका मारला, तो पोरांना वर्षभर दाखवायचा, असं तिथेच ठरवलं. 36 सामने न हरलेला अर्जेंटिनाचा संघ उरलेला वेळ सौदीचा गोलकीपर अल-ओवैसवर आपटत राहिला. सौदी 2-1 ने जिंकली. शेजारच्या टेबलावर आखातात केळी पाठवणारे व्यापारी होते. पहिल्या हाफमध्ये मेस्सी-मेस्सी करत होते, नंतर गिऱ्हाइकाच्या बाजूला गेले. वेटरही पडद्यासमोर उभे, त्यामुळे दुसरी भाकरी फार उशिरा आली. त्याबद्दल तक्रार नाही.

ताडपत्री कायमची बांधा, असं मालकाला सांगून आलो. पुढचा अर्जेंटिना-मेक्सिको सामना शनिवारी मध्यरात्रीनंतर साडेबाराला होता. तोवर इथली चूल विझलेली असते, तेव्हा असा रात्रीचा सामना असेल तर भरीत संध्याकाळीच पार्सल घ्या आणि भाकऱ्या घरी थापा.