विश्लेषकाचा कोच की सीबीटीची वही? लैंगिक कल आणि थेरपीची निवड

पहिल्यांदा ज्या मनोविश्लेषकाकडे, म्हणजे बालपण आणि नाती उलगडत मनात दडलेलं शोधणाऱ्या थेरपिस्टकडे, गेलो, त्यांनी तिसऱ्या सेशनला वडिलांबद्दल विचारलं. वडील कडक होते, फारसं बोलायचे नाहीत, असं मी सांगितलं. त्यावर ते जरा खुलले. "म्हणजे वडील लांबच होते तर," असं म्हणत त्यांनी वहीत काहीतरी टिपून घेतलं. मी झोप उडाल्याची तक्रार घेऊन गेलो होतो आणि ते मी गे का झालो याचं उत्तर सापडल्याच्या आनंदात होते. चौथ्या सेशनला मी गेलो नाही.

पुढे दुसऱ्या मनोविश्लेषकाकडे अडीच वर्षं गेलो, आणि बऱ्याच खंडानंतर सोळा सेशनची सीबीटी (कॉग्निटिव्ह बिहेवियरल थेरपी, म्हणजे विचार आणि वागणं तपासून बदलायची थेरपी) केली. गे, लेस्बियन किंवा बायसेक्शुअल असाल आणि या दोहोंत काय निवडावं असा प्रश्न असेल, तर हा आढावा तुमच्यासाठी. मी तटस्थ असल्याचा आव आणत नाही.

त्या पहिल्या विश्लेषकांनी वडिलांचा धागा कुठून आणला, हे आधी सांगायला हवं, कारण मनोविश्लेषणाबद्दलची धास्ती तिथूनच येते. गंमत म्हणजे तो मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड याच्याकडून जसाच्या तसा आलेला नाही. १९२० साली फ्रॉइडने एका अठरा वर्षांच्या मुलीची केस लिहिली. एका बाईवर जीव जडला म्हणून वडील तिला घेऊन आले होते. मुलगी आजारी नाही आणि तिची स्वतःची काही तक्रारही नाही, हे त्याने नोंदवलं. समलिंगी माणसाला भिन्नलिंगी करणं हे भिन्नलिंगी माणसाला समलिंगी करण्याइतकंच अवघड आहे, असंही लिहिलं. १९३५ मध्ये एका अमेरिकन आईला पाठवलेल्या पत्रात त्याने कळवलं, की यात लाज वाटण्यासारखं काही नाही आणि याला आजार म्हणता येणार नाही. अर्थात त्याच पत्रात याला लैंगिक विकास मध्येच थांबल्याचा परिणामही म्हटलं आहे, तेव्हा त्याला डोक्यावर घेऊन नाचायचं कारण नाही.

खरी पंचाईत केली ती पुढच्या पिढीतल्या मनोविश्लेषकांनी. १९४० मध्ये सांडोर राडो यांनी फ्रॉइडची जन्मजात उभयलैंगिकतेची कल्पना मोडीत काढली आणि समलैंगिकता म्हणजे स्त्रीपुरुष संबंधांची भीती, असं मांडलं. १९६२ मध्ये अर्व्हिंग बीबर आणि सहकाऱ्यांनी विश्लेषण घेणाऱ्या १०६ समलिंगी पुरुषांची १०० भिन्नलिंगी पुरुषांशी तुलना केली आणि चिकटून राहणारी आई व अलिप्त बाप असा साचा तयार केला. हे सगळे पेशंट होते आणि प्रश्नावल्या भरल्या होत्या त्यांच्या विश्लेषकांनी. थेरपी न घेणाऱ्या समलिंगी पुरुषांकडे मानसशास्त्रज्ञ एव्हलिन हूकर यांनी १९५७ मध्येच पाहिलं होतं: तीस समलिंगी, तीस भिन्नलिंगी, आणि चाचण्यांचे निकाल वाचून कोण कुठल्या गटातला हे तज्ज्ञांना ओळखता आलं नव्हतं. १९७३ मध्ये अमेरिकन सायकिअॅट्रिक असोसिएशनने समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली, तेव्हा काही मनोविश्लेषकांनीच सभासदांचं मतदान घ्यायला लावलं. ते हरले, ५८ टक्के मतं निर्णयाच्या बाजूने पडली.

बीबरचा साचा आतून फिरवला तो रिचर्ड आयसे या विश्लेषकाने. तो स्वतः गे होता. त्याचं म्हणणं साधं होतं: मुलगा वेगळा आहे हे बापाला कुठेतरी जाणवतं आणि बापच मागे सरतो. बापाचा अलिप्तपणा हे कारण नाही, तो परिणाम आहे. त्याच्यासारख्यांच्या रेट्यामुळे अमेरिकन सायकोअॅनालिटिक असोसिएशनने १९९१ मध्ये विश्लेषकांच्या प्रशिक्षणातला भेदभाव बंद केला. २०१९ मध्ये त्या संस्थेने जाहीर माफीही मागितली.

म्हणजे मनोविश्लेषण या एकाच पाटीमागे आज दोन अगदी वेगळ्या खोल्या असू शकतात. एका खोलीत तुमच्या आकर्षणाचा उगम शोधतात. दुसरीत ते आकर्षण गृहीत धरून, त्याच्यासोबत जगताना तुम्ही मनात काय काय लपवून ठेवलंत ते बघतात.

माझे दुसरे विश्लेषक या दुसऱ्या खोलीतले. आठवड्यातून दोनदा, पन्नास मिनिटं. अभिजात विश्लेषण चार-पाच वेळा असतं. तेवढं मला झेपलं नसतं. पहिले दोन महिने माझी चिडचिडच झाली, कारण हा माणूस काही सांगतच नव्हता. मग एकदा मी जोडीदाराबद्दल बोलत असताना ते एवढंच म्हणाले, "आत्ता आवाज खाली गेला तुमचा." दार बंद, बाहेर कोणी नाही, आणि मी कुजबुजत होतो. तो धागा धरून पुढचे कित्येक आठवडे गेले: पलीकडच्या खोलीत बसलेले वडील, टीव्हीचा आवाज, फोनवर मित्राशी बोलताना मी निवडलेले शब्द. त्या अडीच वर्षांत मी या विश्लेषकांनाही वडिलांच्या जागी बसवलं होतं. ते गप्प राहिले की आपण त्यांना नकोसे झालो, असं मी धरून चालायचो. याला ट्रान्सफरन्स म्हणतात. पुस्तकात वाचून ते कळत नाही, त्या खोलीतच भोगावं लागतं.

सीबीटीत असं धुकं नव्हतं. वहीत रकाने आखायचे: प्रसंग, मनात आलेला विचार, भावना किती टक्के, पुरावा काय. माझा प्रसंग सोमवार सकाळचा. ऑफिसात कोणीतरी विचारायचं, "वीकेंडला काय केलंस?" आणि माझी छाती धडधडायची. विचार: कळलं तर सगळे तोंड फिरवतील. खात्री: ९० टक्के. थेरपिस्टने प्रयोग ठरवून दिला, एका सहकाऱ्याला सांगायचं आणि काय होतं ते लिहून आणायचं. सांगितलं. ती म्हणाली, "बरं, मग जेवायला घेऊन ये ना त्याला." नव्वदचे चाळीस झाले. अडीच वर्षांच्या विश्लेषणाने सोमवारची धडधड काही थांबली नव्हती, हे प्रामाणिकपणे सांगतो.

पण इथेही एक खड्डा आहे. सगळी भीती म्हणजे विचारातली चूक नसते. घरातून हाकलतील ही कोणाची भीती अगदी रास्त असू शकते, आणि तिला 'टोकाचा विचार' म्हणून खोडणारा थेरपिस्ट धोकादायक आहे. अशा वातावरणात सतत सावध राहिल्याने येणाऱ्या ताणाला संशोधक इलान मेयर यांनी अल्पसंख्याकांचा ताण म्हटलं. २००३ मधली त्यांची मांडणी हल्ली बरीच वापरली जाते. तो ताण जमेस धरून जॉन पाचांकिस आणि सहकाऱ्यांनी तरुण गे आणि बायसेक्शुअल पुरुषांसाठी दहा सेशनची सीबीटी बेतली. २०१५ च्या चाचणीत नैराश्य आणि दारू, दोन्ही कमी झाल्याचं दिसलं.

'अफर्मेटिव्ह' हा तिसरा पर्याय म्हणून लोक विचारतात. ती वेगळी पद्धत नाही, ती भूमिका आहे: कल हा दोष नाही, इथून सुरुवात. विश्लेषक अफर्मेटिव्ह असू शकतो आणि सीबीटीवाला नसू शकतो. उलट काही अफर्मेटिव्ह मंडळी इतक्या उत्साहाने टाळ्या वाजवतात, की आपल्याला अजून लाज वाटते हे त्यांच्यासमोर बोलायचीच लाज वाटायला लागते.

मग निवडायचं कसं? पॅनिक, झोप, एखादा ठरावीक प्रसंग, किंवा हाताशी तीन-चार महिनेच असतील तर सीबीटी, डोळे झाकून. नाती एकाच जागी येऊन तुटत असतील, सगळं ठीक असूनही आत काहीतरी दबलेलं जाणवत असेल आणि वर्ष-दोन वर्षं द्यायची तयारी असेल तर विश्लेषण. आयुष्य पणाला लागल्यासारखं वाटत असेल तर दोन्ही नंतर. आधी तातडीची मदत घ्या. आणि कल बदलून देतो म्हणणाऱ्याच्या दारातूनच परत फिरा. कल बदलतो असा अभ्यास छापणाऱ्या रॉबर्ट स्पिट्झर यांनीच २०१२ मध्ये त्याबद्दल माफी मागितली आहे.

पहिल्या भेटीत एक प्रश्न मात्र विचाराच: "माणूस गे का होतो, असं तुम्हाला वाटतं?" उत्तरापेक्षा पुढचं बघा. माणूस सरसावून वडिलांकडे वळला, तर भिन्नलिंगी पेशंटलाही तुम्ही हे विचारता का, असं विचारा. माझ्या दुसऱ्या विश्लेषकांना मी हेच विचारलं होतं. ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "नाही विचारत. आणि तुम्हाला मी विचारेन अशी भीती वाटतेय, हो ना?" पुढच्या मंगळवारची वेळ मी तिथेच घेतली.