गंज पेठ ते लक्ष्मी रस्ता : पुण्याच्या सुधारक स्त्रियांच्या वाटेवरची साडेतीन तासांची फेरी

पुण्यात आता हेरिटेज वॉक पुष्कळ होतात आणि त्यांचा रस्ताही बहुधा ठरलेला असतो. शनिवारवाडा, कसबा गणपती, तांबट आळी, एखादे जुने मंदिर आणि शेवटी मिसळ. त्यामुळे केवळ एकोणिसाव्या शतकातील पुण्याच्या सुधारक स्त्रियांवर एक फेरी सुरू झाली आहे, असे कळल्यावर मी त्याच दिवशी दोन जागा नोंदवल्या. दुसरी जागा माझ्या 74 वर्षांच्या आईसाठी होती. जिल्हा परिषदेच्या शाळेत तिची सारी नोकरी झाली, दर 3 जानेवारीला सावित्रीबाईंच्या तसबिरीला तिने हार घातला, मुलींकडून भाषणे पाठ करून घेतली. मात्र गंज पेठेतला फुलेवाडा तिने कधी पाहिलेला नव्हता. आयोजक संस्था लहान आणि नवी आहे. तिच्या काही उणिवा मला स्पष्टपणे लिहायच्या असल्याने तिचे नाव येथे देत नाही. त्या उणिवा मी आयोजकांना पत्राने कळवल्या आहेत.

माणशी 350 रुपये, रविवारी सकाळी साडेआठ ते बारा, एका फेरीत जास्तीत जास्त 16 जण, असे तिचे स्वरूप आहे. आमच्या फेरीत 14 जण होते, त्यांपैकी चार पुरुष. माहिती सांगणाऱ्या ताई तिशीतल्या, इतिहासाच्या अभ्यासक. त्यांच्या हातात कागदांचे एक जाड बाड होते आणि एखादी गोष्ट पत्रात किंवा त्या काळच्या छापील मजकुरात मिळते की पुढे आठवणींतून आली आहे, हे त्या प्रत्येक वेळी सांगत. या फेरीचे सर्वांत मोठे बळ माझ्या मते हेच आहे. थोर स्त्रियांविषयी बोलताना गळा दाटून येणे सोपे असते. त्यांनी नेमके काय केले, कोणत्या वर्षी केले आणि त्याची किंमत कोणी मोजली हे शांतपणे सांगायला अभ्यास लागतो.

फेरीची सुरुवात फुलेवाड्यात होते. वाड्याच्या आवारात जोतीरावांची समाधी आहे, तिथे सगळ्यांना बसवून ताईंनी जवळजवळ पाऊण तास घेतला आणि तो वेळ सत्कारणी लागला. 1868 मध्ये घरचा पाण्याचा हौद अस्पृश्यांसाठी खुला करणे म्हणजे घरातल्या बाईच्या दृष्टीने काय होते, इथपासून त्यांनी सांगायला सुरुवात केली. हौदाचा निर्णय चरित्रांतून जोतीरावांच्या नावे लिहिला जातो आणि ते योग्यच आहे. परंतु त्या हौदावर रोज कोण येते, कोण बोलते आणि त्याला कोण उत्तर देते, हे सारे निभावण्याचे काम घर चालवणाऱ्या सावित्रीबाईंकडे आले असणार, हा विचार मी तरी पूर्वी कधी केलेला नव्हता. बालहत्या प्रतिबंधक गृहाविषयीही तेच. 1863 मध्ये ते सुरू झाले. फसवल्या गेलेल्या विधवांनी गुपचूप यावे, बाळंत व्हावे आणि हवे तर मूल ठेवून जावे, असे ते ठिकाण होते. तिथे आलेल्या काशीबाई नावाच्या विधवेचा मुलगा या जोडप्याने दत्तक घेतला, तोच यशवंत. तो पुढे डॉक्टर झाला.

त्यानंतर ताईंनी 10 ऑक्टोबर 1856 चे पत्र वाचून दाखवले. सावित्रीबाई आजारपणानंतर माहेरी नायगावला होत्या आणि तिथून त्यांनी ते जोतीरावांना लिहिले. माझ्या गैरहजेरीत फातिमाला त्रास पडत असेल, पण ती कुरकुर करणार नाही, अशा अर्थाची एक ओळ त्यात आहे. फातिमा शेख यांच्याविषयी आज जे बोलले जाते त्यात कल्पनेचा भाग बराच असतो, पण ही एक ओळ पक्की आहे, आणि दोन शिक्षिकांमधले नाते तीत पुरते दिसते. एक रजेवर आहे, दुसरी तिचेही वर्ग घेते आहे, आणि रजेवर असलेलीला त्याची टोचणी आहे. आई एवढेच म्हणाली, “अगं, शाळेत असंच असतं.”

जोतीरावांच्या अंत्ययात्रेचा प्रसंग ताईंनी समाधीपाशी उभे राहून सांगितला. 28 नोव्हेंबर 1890 ला जोतीराव गेले. दत्तक मुलाचा हक्क मान्य नसलेले भाऊबंद टिटवे, म्हणजे प्रेतापुढे न्यायचे मडके, धरण्यावरून अडून बसले, तेव्हा सावित्रीबाईंनी स्वतः टिटवे हाती घेतले आणि त्या पुढे चालू लागल्या. आमच्यातील एका गृहस्थांनी, बहुधा अनवधानाने, “म्हणजे नाइलाजाने” असे म्हटले. ताईंनी त्यांना न दुखवता, पण ठामपणे सांगितले की ज्या समाजात बाईने स्मशानात जाण्याचीही रीत नव्हती, तिथे नाइलाज झालेली बाई घरात बसते. पुढे होते ती ठरवून होते. हे उत्तर मला फार आवडले. 1897 च्या प्लेगमध्ये मुंढव्याच्या एका आजारी मुलाला पाठीवर घेऊन त्या हडपसरजवळच्या सासाणे मळ्यात, यशवंतांच्या दवाखान्यात गेल्या आणि त्याच रोगाने 10 मार्चला त्यांचे निधन झाले, हा भाग ताईंनी दोन-तीन वाक्यांत आटोपला. सर्वांना ठाऊक असलेल्या गोष्टीवर त्या रेंगाळल्या नाहीत.

मग गंज पेठेतून बुधवार पेठेत चालत जायचे. आयोजकांनी फेरीची आखणी करताना घेतलेला हा सर्वांत चांगला निर्णय होय. रिक्षाने किंवा बसने हे अंतर काही मिनिटांचे आहे. आम्हाला मंडईच्या मागच्या गर्दीतून, भाजीचे टेम्पो चुकवत, आईचे गुडघे सांभाळत पस्तीस मिनिटे लागली. बुधवार पेठेतील भिडेवाड्यात 1848 मध्ये मुलींची शाळा भरली, तेव्हा सावित्रीबाईंचे वय सतरा होते. वाटेत अंगावर शेण आणि चिखल पडायचा, म्हणून जास्तीचे लुगडे जवळ ठेवायचे, ही आठवण आपण सगळ्यांनी शाळेत ऐकलेली असते. पण त्या भागातून पायी जाताना गल्ल्यांची रुंदी कळते, ओटे आणि खिडक्या किती जवळ येतात ते कळते आणि तोंड चुकवून जायला जागाच नसते, हेही ध्यानात येते. आई एका दुकानाच्या पायरीवर टेकली आणि म्हणाली, “हे चालून झाल्यावर पुन्हा वर्गात उभं राहायचं, फळ्यावर लिहायचं. ते कोणी सांगत नाही.” तिने नायगावच्या या मुलीविषयी तीस-पस्तीस वर्षे भाषणे बसवली होती, त्या सकाळी ती प्रथमच तिच्याविषयी एका शिक्षिकेने दुसरीविषयी बोलावे तशी बोलली.

भिडेवाड्यापाशी मात्र फेरी विस्कटली. मूळ वाडा डिसेंबर 2023 मध्ये, न्यायालयातील दीर्घ लढ्यानंतर, राष्ट्रीय स्मारकासाठी पाडण्यात आला आहे, त्यामुळे इथे ताईंच्या हातातील जुन्या छायाचित्रावरच भिस्त. समोर दगडूशेठ गणपती, त्यातून रविवार. गर्दी, भोंगे, दर्शनाची रांग. कमरेला लावलेल्या छोट्या ध्वनिक्षेपकातून मागच्या सहा-सात जणांना एक अक्षर ऐकू येत नव्हते. नेमका इथेच मुक्ता साळवेचा निबंध वाचला गेला, याची मला मनापासून हळहळ वाटते. फुल्यांच्या शाळेत शिकलेल्या या मांग समाजातील मुलीचा निबंध 1855 मध्ये ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकात छापून आला. वेद ब्राह्मणांचेच असतील तर आमचा धर्म कोणता, असा प्रश्न तिने थेट देवाला विचारला आहे. शाळेने काय साधले याचा यापेक्षा चांगला पुरावा नाही. हा भाग फुलेवाड्याच्या शांत आवारात घ्यावा आणि भिडेवाड्यापाशी केवळ जागा दाखवून पुढे जावे, ही माझी आयोजकांना पहिली सूचना आहे.

दुसरी तक्रार छापील पत्रकाची. प्रत्येकाला मिळणाऱ्या चार पानी पत्रकात पंडिता रमाबाईंनी काढलेल्या शारदा सदनाच्या मजकुराशेजारी रमाबाई रानडे यांचे छायाचित्र होते. पंडिता रमाबाई आणि रमाबाई रानडे या दोघींची गल्लत सामान्य वाचकाकडून झाली तर समजू शकते. पैसे घेऊन याच विषयाची फेरी काढणाऱ्यांकडून ती होता कामा नये. ताईंनी चूक लगेच मान्य केली आणि सगळ्यांना पत्रकावर पेनाने दुरुस्ती करायला लावली, एवढे त्यांच्या बाजूने नमूद करायला हवे.

विश्रामबागवाड्यापाशी आम्ही पाचच मिनिटे थांबलो. 1852 मध्ये सरकारतर्फे जोतीरावांचा सत्कार झाला तो तिथे. हुजूरपागा या मुलींच्या शाळेचे फाटक रविवारी बंद असल्याने आत जाता आले नाही, पण बाहेरच्या सावलीत ताईंनी रमाबाई रानड्यांची जी गोष्ट सांगितली, ती ऐकण्यासारखी होती. मुलींसाठी हायस्कूल हवे म्हणून हिराबागेत गव्हर्नरांसमोर भरलेल्या सभेत तरुण रमाबाईंनी इंग्रजीतून निवेदन वाचले, आणि घरी परतल्यावर त्यांना जे ऐकावे लागले ते घरातल्याच बायकांकडून. न्यायमूर्ती रानड्यांचे घर म्हणजे सुधारकांचे घर, अशी आपली समजूत असते. त्या घरात शिकणारी सून सगळ्यांत एकटी होती, हे त्यांनी स्वतःच्या आठवणींत लिहून ठेवले आहे. 1884 मध्ये हुजूरपागा सुरू झाली. ज्या जागी एके काळी पेशव्यांच्या हुजुरातीची घोडी बांधली जात, तिथे मुलींची शाळा भरू लागली.

फेरीचा कळस त्यानंतर, लक्ष्मी रस्त्यावरच्या सेवासदनापाशी येतो. 1909 मध्ये पुण्यात सेवासदन सुरू झाले, विधवांना परिचारिकेचे शिक्षण घेण्यासाठी ससून रुग्णालयात पाठवण्याचे काम रमाबाई रानड्यांनी अंगावर घेतले, हे सांगून झाल्यावर ताईंनी आम्हाला मागे 1882 या एकाच वर्षाकडे नेले. त्या वर्षी पंडिता रमाबाई पुण्यात आल्या, आर्य महिला समाज स्थापन झाला आणि शिक्षणाची पाहणी करणाऱ्या सरकारी हंटर आयोगापुढे त्यांनी स्त्री-शिक्षिका व स्त्री-डॉक्टर हव्यात अशी साक्ष दिली. त्याच वर्षी जोतीरावांनीही त्याच आयोगाला निवेदन दिले. आणि त्याच वर्षी बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांचे ‘स्त्री-पुरुष तुलना’ पुण्यातल्या छापखान्यातून बाहेर पडले. सुरतेच्या विजयालक्ष्मी या विधवेच्या खटल्यानंतर वर्तमानपत्रांतून सगळ्या स्त्रीजातीवर जी चिखलफेक झाली, तिला दिलेले ते उत्तर होते. ताराबाईंवर सडकून टीका झाली; पंडिता रमाबाईंनी धर्मांतर केल्यावर त्यांच्यावरही झाली. त्या दोघींची बाजू 1885 मध्ये छापील शब्दांत घेतली ती गंज पेठेतून, जोतीरावांच्या ‘सत्सार’ या पुस्तिकेत.

सकाळी जिथून निघालो होतो त्या वाड्याशी दुपारची गोष्ट अशी येऊन जुळली, तेव्हा ही फेरी या क्रमाने का आखली आहे ते कळले. आपल्याकडे सावित्रीबाईंना मानणारे वेगळे, रमाबाई रानड्यांना मानणारे वेगळे आणि पंडिता रमाबाईंचे नाव केडगावच्या मुक्ती मिशनपलीकडे क्वचितच निघते. पेठांमधले हे अंतर जातीचे होते आणि ते ताईंनी लपवले नाही. हुजूरपागेत पहिल्या वर्षांत कोणत्या घरांतल्या मुली आल्या असतील आणि मुक्ता साळवेच्या घरच्या मुली कुठे गेल्या असतील, हा प्रश्न त्यांनी विचारला आणि आम्हाला उत्तर शोधायला थोडा वेळही दिला.

आता ज्या उणिवेबद्दल मला सर्वांत कळकळीने लिहायचे आहे, ती. साडेतीन तासांच्या या वाटेवर बायकांसाठी स्वच्छतागृहाची कसलीही सोय ठरवलेली नव्हती. फेरीत दहा बायका, त्यांपैकी दोघी सत्तरीच्या पुढच्या. अकराच्या सुमारास आईने माझा दंड धरला आणि हळूच विचारले. ताईंनी धावपळ करून एका ओळखीच्या दुकानदाराला विनंती केली तेव्हा काम झाले. आईला त्याचा फार संकोच वाटला आणि त्यानंतर तिने पाण्याला तोंड लावले नाही. बायकांनी घराबाहेर पडावे म्हणून ज्यांनी आयुष्य वेचले त्यांच्या वाटेवर बाई पाणी न पिता चालते, हे चालणार नाही. वाटेतल्या एखाद्या हॉटेलशी किंवा संस्थेशी आधी बोलून ठेवणे अवघड नाही. माझ्या पत्राला आयोजकांचे उत्तर आले आहे आणि पुढील फेरीपासून दोन ठिकाणी सोय करू, असे त्यांनी कळवले आहे.

आणखी एक. फेरी रमाबाई रानड्यांच्या निधनापाशी, 1924 मध्ये थांबते. पुण्यातच 1982 मध्ये नारी समता मंच उभा राहिला, 1989 मध्ये विद्या बाळ यांनी ‘मिळून साऱ्याजणी’ सुरू केले आणि शनिशिंगणापूरच्या चौथऱ्यावर जाण्याच्या हक्कासाठी 2016 मध्ये उच्च न्यायालयात गेलेल्या याचिकाकर्त्यांतही त्या होत्या. शेवटची दहा मिनिटे यासाठी काढता येतील. हिंगण्याच्या विधवाश्रमाची, म्हणजे बाया कर्वे आणि पार्वतीबाई आठवले यांची गोष्ट मात्र या फेरीत कोंबू नये; तिला स्वतंत्र सकाळ द्यावी.

350 रुपयांत मिळणाऱ्या ज्ञानाच्या मानाने फेरी स्वस्त आहे. दहावीच्या पुढच्या मुलामुलींना अवश्य पाठवावे. त्याहून लहान मुले सेवासदनापर्यंत कंटाळतील. गुडघ्यांचा त्रास असणाऱ्यांनी नोंदणी करतानाच सांगावे, म्हणजे ताई मंडईजवळ एक थांबा वाढवतात. टोपी, पाण्याची बाटली आणि चालायची चप्पल हवी. पत्रकातली दुरुस्ती झाली आहे की नाही, ते हातात पडल्यावर तपासून घ्यावे. हिंगण्याची फेरी सुरू झाली तर कळवा, असे सांगून आईने निघताना ताईंकडे स्वतःचा फोन नंबर दिला आहे, माझा नव्हे.